सोलापूरचे पॉली उम्रीगर

रमजानमध्ये तरावीह आटोपली की विजापूर वेशीच्या आसपासच्या गल्ल्यांत दिवे लागतात आणि टेनिस बॉलचे सामने सुरू होतात. शटरवर चेंडू आदळतो, वरच्या मजल्यावरून कुणाची तरी अम्मी ओरडते, दोन मिनिटे शांतता होते आणि पुन्हा तेच. सहेरीची वेळ होईपर्यंत मुले हटत नाहीत. यंदा अशाच एका रात्री आम्ही त्या मुलांना विचारले, ‘सोलापुरात जन्मलेला भारताचा कर्णधार कोण?’ मुलांनी एकमेकांकडे पाहिले. शमी, सिराज, बुमराह यांचे आकडे त्यांना तोंडपाठ होते. एक जण ठामपणे म्हणाला, ‘चाचा, सोलापूरचा कुणी कर्णधार झालाच नाही.’

झाला आहे. येत्या २८ मार्चला त्यांच्या जन्माला शंभर वर्षे पूर्ण होतात. नाव पहलान रतनजी उम्रीगर, सारी दुनिया त्यांना पॉली म्हणत असे. जानेवारी २०२४ मध्ये हैदराबादच्या समारंभात मोहम्मद शमी यांना २०१९-२० सालचा सर्वोत्तम भारतीय क्रिकेटपटूचा पुरस्कार मिळाला. आपल्या घराघरांत त्याचा आनंद झाला, फोटो मोबाइलवर फिरले. तो पुरस्कार पॉली उम्रीगर यांच्या नावाचा आहे. नाव सगळ्यांनी ऐकले होते, पण तो माणूस आपल्याच गावात जन्मला हे माहीत असणारे फार थोडे निघाले.

उम्रीगर यांचा जन्म १९२६ चा, पारशी घरातला. वडिलांचा कापडाचा व्यवसाय होता. गिरण्यांच्या सोलापुरात त्यात नवल काहीच नाही. पॉली चार वर्षांचे असताना याच शहरात मार्शल लॉ पुकारला गेला आणि पुढे १२ जानेवारी १९३१ रोजी कुर्बान हुसेन, मल्लप्पा धनशेट्टी, जगन्नाथ शिंदे आणि श्रीकिसन सारडा यांना येरवड्यात फाशी झाली. त्या चौघांच्या नावाचा चौक आपण रोज ओलांडतो. पुढे उम्रीगर कुटुंब मुंबईला गेले आणि पॉली मुंबईचेच झाले. त्यामुळे सोलापूर त्यांना विसरले असेल तर सगळा दोष सोलापूरचा नाही.

त्या काळच्या मुंबईत पंचरंगी सामने ही मोठी गोष्ट होती. हिंदूंचा संघ, मुसलमानांचा, पारशांचा, युरोपियनांचा आणि उरलेल्यांचा एक. आज कुणाला सांगितले तर खरे वाटणार नाही, पण ब्रेबॉर्न स्टेडियम त्या सामन्यांना भरून वाहत असे. १९४४ साली अठरा वर्षांचे पॉली पारशी संघाकडून खेळले. त्याच हंगामाच्या अंतिम सामन्यात मुस्लिम संघाने हिंदू संघाला एका गड्याने हरवले होते. आपल्याकडचे जुने लोक त्या विजयाची गोष्ट रंगवून सांगत. धर्मावर संघ पाडण्याला त्याच काळात विरोध वाढत होता, गांधीजींनीही नापसंती दाखवली होती. १९४६ नंतर ती स्पर्धा बंद झाली. ज्या माणसाचे क्रिकेट अशा वाटणीतून सुरू झाले, त्याचे पुढे काय झाले ते पाहण्यासारखे आहे.

विद्यापीठाच्या क्रिकेटमध्ये चमकल्यावर डिसेंबर १९४८ मध्ये मुंबईत वेस्ट इंडीजविरुद्ध ते पहिली कसोटी खेळले. उंचापुरा माणूस, फटका जोरकस, शिवाय ऑफस्पिन आणि ऑफकटर टाकणारा, जवळच्या जागी झेल न सोडणारा. फेब्रुवारी १९५२ मध्ये मद्रासला इंग्लंडला हरवून भारताने आपला पहिला कसोटी विजय मिळवला, त्यात उम्रीगर यांच्या नाबाद १३० धावा होत्या. विनू मांकड यांनी बारा बळी घेतले, म्हणून तो सामना त्यांच्या नावावर लागला. ते रास्तच आहे.

आणि मग काही महिन्यांतच इंग्लंडचा दौरा. फ्रेड ट्रूमन नावाचा तरुण वेगवान गोलंदाज समोर आला आणि पॉली उम्रीगर कोलमडले. चार कसोटींतल्या सात डावांत मिळून त्रेचाळीस धावा. चेंडू येताना ते लेग स्टंपच्या बाहेर सरकत, स्टंप उघडे पडत. यावरून इंग्रज खेळाडूंनी केलेले विनोद आजही सांगितले जातात. गंमत म्हणजे त्याच दौऱ्यात इंग्लंडच्या कौंटी संघांविरुद्ध त्यांनी धावांचा ढीग घातला होता, दौऱ्यातल्या त्यांच्या एकूण धावा सोळाशेच्या वर गेल्या. म्हणजे फलंदाजी येत नव्हती असे नाही. भीती होती, आणि ती साऱ्या जगाने पाहिली.

दहावीचा निकाल लागला की आपल्या घरात काय होते हे आम्हाला ठाऊक आहे. एका विषयात गेलेल्या मुलाला नातेवाईक महिनाभर ऐकवतात. उम्रीगर यांची फजिती तर वर्तमानपत्रांत छापून आली होती. पुढच्याच वर्षी, १९५३ मध्ये, ते वेस्ट इंडीजला गेले आणि पाच कसोटींत ५६० धावा काढून आले. पोर्ट ऑफ स्पेनला १३०, किंग्स्टनला ११७. ज्या इंग्लंडमध्ये हसे झाले, तिथे १९५९ मध्ये मँचेस्टरला त्यांनी ११८ धावा केल्या. त्याच डावात ऑक्सफर्डला शिकणारा वीस वर्षांचा हैदराबादी मुलगा, अब्बास अली बेग, पहिल्याच कसोटीत ११२ धावा करून गेला. सामना भारत हरला, पण त्या डावाची आठवण राहिली.

हैदराबादशी उम्रीगर यांचा धागा आणखी जुना. नोव्हेंबर १९५५ मध्ये हैदराबादच्या फत्ते मैदानावर पहिल्यांदाच कसोटी सामना झाला, न्यूझीलंडविरुद्ध. भारताचे कर्णधार होते तिथलेच ऑफस्पिनर गुलाम अहमद. त्या सामन्यात उम्रीगर यांनी २२३ धावा केल्या. कसोटीत भारतीयाने केलेले ते पहिले द्विशतक. पुढच्या सामन्यापासून कर्णधारपद उम्रीगर यांच्याकडे आले आणि मुंबईत मांकड यांनीही मोजून २२३ धावाच केल्या. मग मद्रासला मांकड आणि पंकज रॉय यांनी सलामीला ४१३ धावा जोडल्या, हा विक्रम पन्नासहून अधिक वर्षे टिकला. मालिका भारताने २-० अशी जिंकली. कर्णधार म्हणून उम्रीगर यांची सुरुवात याहून चांगली होऊ शकत नव्हती.

त्याआधीच्या हिवाळ्यात भारताचा संघ पहिल्यांदा पाकिस्तानात गेला होता. पाचही सामने अनिर्णित राहिले. पण बहावलपूरला हनीफ मोहम्मद यांनी शतक केले त्या डावात उम्रीगर यांनी ७४ धावांत सहा बळी घेतले, आणि पेशावरला स्वतः १०८ धावा केल्या. त्यांच्या गोलंदाजीकडे लोक दुर्लक्ष करतात, म्हणून हे मुद्दाम सांगितले.

आता कर्णधारपदाची गोष्ट. १९५६ मध्ये ऑस्ट्रेलियाविरुद्ध तीनपैकी दोन कसोटी हरलो. दोन वर्षांनी वेस्ट इंडीजचा संघ आला. गुलाम अहमद खेळू शकत नव्हते म्हणून पहिल्या सामन्यात उम्रीगर कर्णधार झाले. पुढचे दोन सामने गुलाम अहमद यांच्या नेतृत्वाखाली भारत वाईट हरला आणि ते निवृत्त झाले. जानेवारी १९५९ मध्ये मद्रासच्या चौथ्या कसोटीसाठी पुन्हा उम्रीगर यांची निवड झाली. संघात एक जागा रिकामी होती. उम्रीगर यांना तिथे फलंदाज हवा होता, मंडळाच्या अध्यक्षांना ऑफस्पिनर जसू पटेल हवे होते. सामन्याच्या आदल्या रात्री उम्रीगर यांनी राजीनामा दिला.

यावर दोन मते आहेत. सामना तोंडावर असताना कर्णधाराने असे करायला नको होते, असे म्हणणारे तेव्हाही होते. आम्हालाही आधी तसेच वाटायचे. पण विचार केल्यावर वाटते, पद ही अमानत आहे असे आपण मुलांना सांगतो. ज्या संघाची जबाबदारी आपल्यावर आहे त्यात कोण खेळणार हे दुसऱ्याने ठरवायचे आणि हरल्यावर उत्तर आपण द्यायचे, हे त्यांना मान्य झाले नाही. महत्त्वाचे म्हणजे ते रुसून घरी गेले नाहीत. दुसऱ्या दिवशी मांकड यांच्या हाताखाली मैदानात उतरले. त्या एका मालिकेत भारताचे चार कर्णधार झाले. उम्रीगर यांच्याकडे कर्णधारपद पुन्हा आले नाही. आठ सामने, दोन विजय, दोन पराभव, चार अनिर्णित, एवढाच त्यांचा हिशेब.

ज्यांच्यावरून वाद झाला त्या जसू पटेल यांनी त्याच वर्षी डिसेंबरमध्ये कानपूरला ऑस्ट्रेलियाविरुद्ध चौदा बळी घेतले आणि भारताने ऑस्ट्रेलियाला पहिल्यांदा हरवले. दुसऱ्या डावात पटेल यांच्या जोडीला दुसऱ्या टोकाकडून बळी घेणारे उम्रीगरच होते, २७ धावांत चार.

आता १९६२ ची गोष्ट. ही आम्ही त्या रात्री गल्लीतल्या मुलांनाही सांगितली.

भारताचा संघ वेस्ट इंडीजमध्ये होता. कर्णधार नरी कॉन्ट्रॅक्टर. १७ मार्चला ब्रिजटाऊनला बार्बाडोसविरुद्धच्या सामन्यात चार्ली ग्रिफिथ यांचा चेंडू कॉन्ट्रॅक्टर यांच्या डोक्यावर आदळला. हेल्मेट तेव्हा नव्हतेच. कवटीला मार लागला, शस्त्रक्रिया करावी लागली, रक्ताची गरज पडली. रक्त द्यायला पुढे आले त्यात वेस्ट इंडीजचे कर्णधार फ्रँक वॉरेल होते. भारतीय खेळाडूंपैकी चंदू बोर्डे, बापू नाडकर्णी आणि पॉली उम्रीगर. बोर्डे पुण्याचे, ख्रिस्ती. नाडकर्णी नाशिकचे, हिंदू. उम्रीगर सोलापूरचे, पारशी. वॉरेल तर समोरच्या संघाचे.

‘ते वाचले का?’ एका मुलाने विचारले. वाचले. त्यांना कसोटी पुन्हा खेळता आली नाही, पण पुढे प्रथम श्रेणीचे सामने ते खेळले.

मग प्रश्न आला कर्णधाराचा. उम्रीगर छत्तीस वर्षांचे होत आले होते, संघात सर्वांत अनुभवी. पण उपकर्णधार होते मन्सूर अली खान पतौडी, वय एकवीस. आदल्या वर्षी इंग्लंडमध्ये मोटार अपघातात त्यांच्या उजव्या डोळ्याची नजर गेली होती. नेतृत्व त्यांच्याकडे गेले. आपल्यापेक्षा पंधरा वर्षांनी लहान मुलाच्या हुकमात खेळायचे, आणि तेही मालिका हातातून जात असताना! आपल्या मोहल्ल्याच्या कमिटीतही अशा वेळी काय होते ते आपण पाहतो.

उम्रीगर यांनी जे केले ते धावफलकावर आहे. एप्रिलमध्ये पोर्ट ऑफ स्पेनच्या चौथ्या कसोटीत वेस्ट इंडीजने ४४४ धावा केल्या. उम्रीगर यांनी छप्पन षटके टाकली आणि १०७ धावांत पाच बळी घेतले. छप्पन षटके, ती पाठ दुखत असताना आणि त्या वयात. भारत पहिल्या डावात १९७ वर आटोपला, त्यात सर्वाधिक ५६ त्यांचे. फॉलोऑन मिळाला. दुसऱ्या डावात सलीम दुराणी यांनी आपले एकमेव कसोटी शतक केले, १०४ धावांचे, आणि उम्रीगर शेवटपर्यंत बाद झाले नाहीत. नाबाद १७२. भारताच्या ४२२ धावा झाल्या, डावाचा पराभव टळला. सामना वेस्ट इंडीजनेच जिंकला, मालिकाही ५-० अशी गेली. पण एकाच कसोटीत शतक आणि डावात पाच बळी हे मांकड यांच्यानंतर उम्रीगर यांनीच भारतासाठी केले.

त्या दौऱ्यानंतर पाठीच्या दुखण्यामुळे ते निवृत्त झाले. तेव्हा सर्वाधिक कसोटी सामने (५९), सर्वाधिक धावा (३६३१) आणि सर्वाधिक शतके (१२) हे तिन्ही भारतीय विक्रम त्यांच्या नावावर होते. त्याच वर्षी पद्मश्री मिळाली. पुढे त्यांनी निवड समितीचे अध्यक्षपद, संघाचे व्यवस्थापन, मंडळाचे काम, वानखेडेची खेळपट्टी अशी क्रिकेटची पडद्यामागची सगळी कामे केली. ७ नोव्हेंबर २००६ रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले.

कोलकात्याला तिथली क्रिकेट संघटना दरवर्षी ३ फेब्रुवारीला वॉरेल यांच्या नावाने रक्तदान शिबिर घेते. विजापूर वेशीच्या मुलांनी ईदनंतर सामने ठेवले आहेत. २८ मार्चला त्या सामन्यांबरोबर सोलापुरातही उम्रीगर यांच्या नावाने एक शिबिर ठेवा, असे आम्ही त्यांना सुचवले. अठरा पूर्ण असलेली त्यांच्यात चारच निघाली. बाकीची म्हणाली, ‘अब्बांना विचारून सांगतो, तेच येतील रक्त द्यायला.’ मग सहेरीला अजून वेळ होता म्हणून त्यांनी शेवटची चार षटके पुन्हा सुरू केली.