तंबूतला सिनेमा, कोठारातला सिनेमा

नीरा डाव्या कालव्याच्या पट्ट्यात ऊस आला, साखर कारखाना आला, त्याच्याभोवती सोमेश्वरनगर वसलं. थिएटर मात्र तालुक्याच्या गावी, बारामतीला. खेड्यापाड्यांतल्या यात्रांना सिनेमा पोचला तो टुरिंग टॉकीजच्या ट्रकमधून. कनात, मधोमध पडदा, कार्बनच्या कांड्या जाळून चालणारा प्रोजेक्टर. तंबूत येणारी प्रिंट शहरात आधीच घासून निघालेली असे. रीळ तुटलं की ऑपरेटर चार चौकटी कापून जोड मारी, आणि पुढच्या गावात सिनेमा तेवढाच आखूड होई. सगळ्यांत मन लावून बघणाऱ्या प्रेक्षकापुढेच ते चित्रपट झिजून संपले.

जपून ठेवायचं कुणाच्या मनातही नव्हतं. नायट्रेटची फिल्म पेटायला टपलेली; तिच्या थरात चांदी असते, म्हणून जुनी रिळं चांदीच्या भावानं गेली. भारतात हजाराहून जास्त मूकपट निघाले, त्यातले तीसएक कसेबसे उरले, तेही बरेचसे तुकड्यांत. बाबूराव पेंटरांचा १९२५ सालचा ‘सावकारी पाश’ आज बघायला मिळत नाही. कर्जात बुडालेल्या शेतकऱ्याची ती गोष्ट; आमच्या भागाला ती वेगळी सांगावी लागली नसती.

फेब्रुवारी १९६४ मध्ये पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय सुरू झालं आणि पी. के. नायर नावाच्या माणसानं डबे गोळा करायला घेतले. फाळक्यांच्या ‘कालिया मर्दन’चे विस्कटलेले तुकडे त्यांनी फाळक्यांच्याच टिपणांच्या आधारे पुन्हा क्रमात लावले. हे काम सगळे सांगतात. मला त्यांचं दुसरं काम तितकंच मोठं वाटतं: कर्नाटकातल्या हेग्गोडू या खेड्यात के. व्ही. सुब्बण्णांच्या साथीनं त्यांनी शेतकऱ्यांना ‘पथेर पांचाली’ आणि ‘राशोमोन’ दाखवले, आणि त्या लोकांनी ते आवडीनं बघितले. संग्रहालयाच्या १६ मिलिमीटरच्या प्रती फिल्म सोसायट्यांनाही जात. पण सोसायट्या बहुतेक शहरांतल्या. पुण्याहून बारामती हेग्गोडूपेक्षा कितीतरी जवळ!

जानेवारी २००३ मध्ये पुण्यात फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारातल्या कोठाराला आग लागली आणि नायट्रेटवरच्या शेकडो चित्रपटांची रिळं जळाली, प्रभातची धरून. बऱ्याच चित्रपटांच्या नव्या प्रती आधी काढलेल्या होत्या, म्हणून निभावलं. पुढे डिजिटल आलं आणि तंबूवाल्यांचे प्रोजेक्टर भंगारात गेले. महाराष्ट्रातल्या अशाच तंबूवाल्यांवरचा ‘द सिनेमा ट्रॅव्हलर्स’ हा माहितीपट २०१६ साली कान महोत्सवात दाखवला गेला. ज्यांची ती कहाणी, त्या यात्रांपर्यंत तो किती पोचला कोण जाणे.

आता राष्ट्रीय चित्रपट वारसा मोहिमेखाली जुने चित्रपट चौकटीगणिक साफ होताहेत आणि महोत्सवांत झळकताहेत. गावाकडे मोबाइलवर मिळते ती मात्र धुरकट, आवाज फाटलेली नक्कल. दामले-फत्तेलालांचा ‘संत तुकाराम’ १९३६ चा. मुंबईत वर्षभराहून अधिक चालला, १९३७ मध्ये व्हेनिसला गौरवला गेला. त्याच्या कॉपीराइटची मुदत कधीच संपली आहे. आषाढात तुकोबांची पालखी बारामतीत मुक्कामी असते, पुढे सणसर, इंदापूर. साफ केलेली प्रत पुण्याहून हार्ड डिस्कवर आणायला अडीच-तीन तास पुरतात. पडदा तेवढा मोठा लागेल, आणि कीर्तन आटोपेपर्यंत थांबावं लागेल.