हेलियमची जन्मकथा आणि विजयदुर्ग

मूलद्रव्यांचा शोध म्हटला की प्रयोगशाळा, भट्टी, काचेची नळी आणि परीक्षानळीत उसळणारे द्रावण डोळ्यांसमोर येते. सोने, तांबे, लोखंड, पारा आणि गंधक ही मूलद्रव्ये तर मानवाला फार प्राचीन काळापासून ठाऊक होती. ती जमिनीतून काढून हाती घेता येत होती. हेलियमचा शोध मात्र याहून निराळ्या रीतीने लागला. हे मूलद्रव्य आधी सूर्यावर दिसले आणि सुमारे सत्तावीस वर्षांनी पृथ्वीवर सापडले. या शोधाच्या कथेत कोकणातील विजयदुर्ग किल्ल्याचे नाव वारंवार घेतले जाते. ते का घेतले जाते व त्यात तथ्य किती, हे समजून घेणे उद्बोधक आहे.

सूर्य पृथ्वीपासून सुमारे १५ कोटी किलोमीटर अंतरावर आहे. त्याचा कणही आपल्या हाती येणे शक्य नाही. तारे कोणत्या पदार्थांचे बनले आहेत हे माणसाला कधीच कळणार नाही, असे मत फ्रेंच विचारवंत ऑगस्त काँत यांनी १८३५ साली मांडले होते. पण पुढील पंचवीस वर्षांतच जर्मनीतील बुन्सेन आणि किरखॉफ या शास्त्रज्ञांनी या प्रश्नावर उपाय शोधला. कोणतेही मूलद्रव्य तापवून वायुरूपात प्रकाशित केले व तो प्रकाश लोलकातून नेला, तर ठरावीक जागी ठरावीक रंगांच्या रेषा उमटतात. दोन माणसांच्या बोटांचे ठसे जसे सारखे नसतात, तशा दोन मूलद्रव्यांच्या रेषाही सारख्या नसतात. या रेषांच्या समूहास वर्णपट म्हणतात. याच पद्धतीने त्या दोघांनी १८६० साली सीझियम व १८६१ साली रुबिडियम ही मूलद्रव्ये शोधली. वर्णपटातील निळ्या रेषांवरून पहिल्याला आणि गडद तांबड्या रेषांवरून दुसऱ्याला नाव मिळाले.

आता हेच साधन सूर्याकडे वळवायचे होते. सूर्यबिंबाच्या कडेवरून उसळणाऱ्या ज्वाळा एरवी त्याच्या तेजात लोपून जातात. खग्रास ग्रहणाच्या काही मिनिटांतच त्या दिसत. म्हणून १८ ऑगस्ट १८६८ रोजीच्या सूर्यग्रहणाकडे युरोपातील शास्त्रज्ञांचे लक्ष लागले होते. चंद्राची छाया कोकणच्या किनाऱ्यावरून भारतात शिरून दख्खन ओलांडीत पूर्व किनाऱ्याकडे जाणार होती. आंध्रातील गुंटूर येथे फ्रान्सचे ज्यूल जॅन्सन आणि ब्रिटिश लष्करातील मेजर टेनंट यांनी आपापली ठाणी मांडली. पटवर्धन संस्थानिकांच्या जमखंडी येथे लेफ्टनंट जॉन हर्शेल, विजापूर येथे कॅप्टन हेग आणि मछलीपट्टण येथे मद्रास वेधशाळेचे नॉर्मन पॉगसन हे निरीक्षणास सज्ज होते.

त्या दिवशी सूर्याच्या ज्वाळांच्या वर्णपटात तेजस्वी रेषा दिसल्या. ज्वाळा या तप्त वायूच्या आहेत, हे त्यावरून सिद्ध झाले. त्या रेषांमध्ये एक पिवळी रेषाही होती. हर्शेल यांना ती सोडियमची वाटली. कारण सोडियमच्या पिवळ्या रेषा तिच्या अगदी जवळ पडतात. जॅन्सन यांना मात्र या रेषा इतक्या तेजस्वी वाटल्या की, ग्रहण नसतानाही त्या दिसल्या पाहिजेत अशी त्यांची खात्री झाली. दुसऱ्याच दिवशी, १९ ऑगस्टला, त्यांनी तसे करून दाखविले.

त्याच वेळी इंग्लंडमध्ये युद्धखात्यातील एक कारकून, नॉर्मन लॉकियर, फावल्या वेळात सूर्याचा अभ्यास करीत होते. त्यांनी मागविलेले नवे उपकरण ऑक्टोबरमध्ये हाती आले. २० ऑक्टोबर १८६८ रोजी त्यांनीही ग्रहणाविना सूर्यज्वाळांच्या रेषा पाहिल्या. जॅन्सन यांचे भारतातून पाठविलेले पत्र आणि लॉकियर यांचे वृत्त पॅरिसच्या विज्ञान अकादमीपुढे एकाच दिवशी मांडले गेले. दोघांचाही मान राखण्यासाठी फ्रेंच सरकारने पुढे १८७२ साली दोघांच्या मुद्रा असलेले पदक काढले.

लॉकियर यांनी पिवळ्या रेषेची जागा काटेकोरपणे मोजली, तेव्हा ती सोडियमच्या दोन्ही रेषांपासून वेगळी ठरली. रसायनशास्त्रज्ञ एडवर्ड फ्रँकलंड यांच्यासह त्यांनी हायड्रोजन निरनिराळ्या परिस्थितीत तपासून पाहिला. परंतु ती रेषा मिळाली नाही. तेव्हा हे सूर्यावरील एखादे अपरिचित मूलद्रव्य असावे, असे अनुमान निघाले. ग्रीक भाषेतील सूर्यवाचक ‘हीलिओस’ या शब्दावरून त्यास ‘हेलियम’ हे नाव मिळाले. नावाच्या शेवटी असलेला ‘इयम’ हा प्रत्यय प्रायः धातूंच्या नावांना लावला जातो. प्रत्यक्षात हेलियम हा वायू आहे. म्हणजे त्या काळचा गैरसमज या नावात आजही टिकून आहे.

अनेक रसायनशास्त्रज्ञांना हे अनुमान पटले नाही. ज्याचा एक थेंब वा बुडबुडाही कोणी पाहिला नाही, ते मूलद्रव्य कसे मानावे, ही त्यांची शंका रास्त होती. ती १८९५ साली फिटली. विल्यम रॅम्झी यांनी क्लीव्हाइट या युरेनियमयुक्त खनिजावर आम्लाची क्रिया करून एक वायू मिळविला. त्याच्या वर्णपटात नेमकी तीच पिवळी रेषा होती.

या कथेत विजयदुर्ग कोठे येतो? सिंधुदुर्ग जिल्ह्यातील या जलदुर्गावर ‘साहेबाचे कट्टे’ या नावाने ओळखले जाणारे ओटे आहेत. लॉकियर यांनी १८६८ साली येथूनच हेलियमचा शोध लावला, असा समज परिसरात दृढ आहे आणि १८ ऑगस्ट हा दिवस तेथे हेलियमदिन म्हणून साजराही होतो. परंतु १८६८ साली लॉकियर इंग्लंडमध्येच होते. ते विजयदुर्गास आले ते २२ जानेवारी १८९८ च्या खग्रास ग्रहणासाठी. म्हणजे शोधानंतर तीस वर्षांनी आणि रॅम्झी यांच्या प्रयोगानंतर तीन वर्षांनी. माणूस तोच, ग्रहणाचा विषयही तोच. त्यामुळे दोन घटना लोकस्मृतीत एकमेकींत मिसळल्या असाव्यात.

यामुळे विजयदुर्गाचे महत्त्व उणावत नाही. उलट १८९८ च्या ग्रहणाने महाराष्ट्राला विज्ञानाच्या इतिहासात निःसंशय स्थान दिले. त्याच ग्रहणासाठी पुण्याच्या महाराजा तख्तसिंगजी वेधशाळेचे संचालक कावसजी दादाभाई नायगमवाला यांनी जेऊर येथे निरीक्षणे केली. अमेरिकेतील लिक वेधशाळेचे पथकही तेथेच उतरले होते. लॉकियर यांच्या नावामागे झाकोळलेले हे भारतीय शास्त्रज्ञाचे कार्य अधिक अभिमानाने सांगण्याजोगे आहे. खऱ्या गौरवाला असत्याचा आधार लागत नाही.

हेलियमचे गुणधर्म त्याच्या उपयोगांतून स्पष्ट होतात. तो हायड्रोजनखालोखाल हलका असून जळत नाही. म्हणून फुगे व हवाई जहाजे यांत तो सुरक्षित ठरतो. तो अन्य पदार्थांशी सहसा संयोग पावत नाही. म्हणून धातूंच्या जोडकामात आणि अग्निबाणांच्या इंधनटाक्यांत दाब राखण्यासाठी तो वापरतात. खोल समुद्रात उतरणाऱ्या पाणबुड्यांच्या श्वसनमिश्रणातही तो मिसळतात. कारण तेथील दाबाखाली नायट्रोजनमुळे गुंगी येते. हाइके कामरलिंग ओनस यांनी १९०८ साली तो प्रथम द्रवरूपात आणला. उणे २६९ अंश सेल्सियसला उकळणारा हा द्रव सर्व पदार्थांत अत्यंत थंड आहे. रुग्णालयातील एमआरआय यंत्राचे शक्तिशाली चुंबक त्यानेच थंड ठेवतात.

विश्वात हेलियम विपुल असला, तरी पृथ्वीच्या हवेत त्याचे प्रमाण दहा लाख भागांत सुमारे पाच भाग एवढेच आहे. युरेनियम व थोरियम यांच्या ऱ्हासातून तो भूगर्भात लक्षावधी वर्षांत साठतो आणि मुख्यतः नैसर्गिक वायूसोबत मिळतो. एकदा हवेत सुटलेला हेलियम हळूहळू अवकाशात निघून जातो. फुग्यातून निसटलेला वायू परत मिळत नाही आणि रुग्णालयातील यंत्राला त्याची नितांत गरज असते, हे ध्यानी घेतले म्हणजे त्याचा वापर जपून का करावा, हे कळते.

सूर्यावरील एका पिवळ्या रेषेने माणसाला नवे मूलद्रव्य दिले. ती रेषा अनेकांनी पाहिली होती; तिची जागा ज्याने नेमकी मोजली, त्यालाच ती ओळखता आली. इतिहासातील सन व स्थळ यांच्याही बाबतीत हाच नियम लागू पडतो.