शिल्लकेवरून मूळ माल कसा काढावा?

आमच्या पूर्णा येथील दुकानातली गोष्ट. दुकानातल्या मुलाने एका थानाचे कापड तीन फेरीवाल्यांना दिले, पण वहीत मीटर लिहिलेच नाहीत. पहिल्याला थानाचा तिसरा हिस्सा, दुसऱ्याला उरलेल्याचा पाव, तिसऱ्याला त्यानंतर उरलेल्याचे निम्मे, एवढेच टिपण. शिल्लक तुकडा १४ मीटर भरला. थानाच्या चिठ्ठीवर आकडा होता ६० मीटर.

आम्ही आधी तिन्ही हिश्शांची बेरीज केली. ती आली १३/१२, म्हणजे थानापेक्षा जास्त माल विकला गेला! अशी बेरीज करणे हीच चूक. तिन्ही हिस्से एकाच मालाचे नाहीत. दर वेळी ‘उरलेला’ माल वेगळा आहे.

अशा हिशेबात शेवटाकडून मागे यावे. दिले किती हे सोडून राहिले किती, ते पाहावे. निम्मे दिले म्हणजे निम्मे राहिले. १४ ची दुप्पट २८. पाव दिला म्हणजे पाऊण राहिला. २८ ला पाऊणने भागले, ३७ पूर्णांक १/३ आले. तिसरा हिस्सा दिला म्हणजे दोन तृतीयांश राहिले. त्याने भागले तेव्हा ५६ आले. चार मीटर कापड गायब! मुलाला दोन कडक शब्द बोलूनही झाले.

मग आठवले. तिसऱ्या फेरीवाल्याला कापड देण्याआधी आम्हीच २ मीटर नमुन्यासाठी कापून नेले होते. दुपटीनंतर ते मिळवले, २८ चे ३० झाले. पाऊणने भागून ४०, दोन तृतीयांशाने भागून ६०. आमची २ मीटरची विसर मागे येता येता ४ मीटर झाली होती. मुलाची माफी मागितली.

ही रीत जुनी आहे. आर्यभटाने इ.स. ४९९ मध्ये तिचा नियम दिला: उलट जाताना गुणाकाराचा भागाकार आणि वजाबाकीची बेरीज होते. भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’त (इ.स. ११५०) एका यात्रेकरूचे उदाहरण आहे. त्याने प्रयागला निम्मे धन दिले, काशीला उरलेल्याचे २/९, जकातीत उरलेल्याचा पाव, गयेला उरलेल्याचे ६/१०. शेवटी ६३ निष्क राहिले. मागून येऊन पाहा: १५७ १/२, २१०, २७०, आणि मूळ ५४०. याच ‘लीलावती’चा फैजीने १५८७ मध्ये अकबराच्या हुकुमाने फारसीत तर्जुमा केला. भास्कराचार्यांचे नातू चांगदेव यांच्या मठाचा शिलालेख चाळीसगावजवळच्या पाटण येथे आहे. आम्ही उर्दू शाळेत अपूर्णांकाला ‘कस्र’ म्हणत असू. वहीत राहणारी ‘कसर’ त्याच घराण्यातली.

दुकानात रोज फसवतो तो सुटीचा हिशेब. २० टक्के सूट देऊन साडी ४८० रुपयांना विकली, तर मूळ दर किती? पुष्कळ जण ४८० वर २० टक्के चढवून ५७६ सांगतात. सूट मूळ दरावर होती, म्हणून १०० पैकी ८० राहिले. ४८० ला ८० ने भागून १०० ने गुणा, ६०० येतात. पुढची साडी ५७६ दर धरून विकली, तर २४ रुपये घरचे गेले.