'फँड्री': जन्माने मिळालेला वारसा

वारसा म्हटला की शेत, घर, दागिने डोळ्यांपुढे येतात. परंतु ज्याच्यापाशी यांपैकी काहीच नाही, तो बापही मुलाला काही देऊन जातो: आपली जात, तिला चिकटलेले काम आणि गावाच्या नजरेतील आपली जागा. नागराज मंजुळे यांचा 'फँड्री' (२०१३) या वारशाचा चित्रपट आहे.

रंग आणि रक्त यांचा प्रश्न चित्रपटाला नवा नाही. होसेलितो रॉड्रिगेझ यांच्या १९४८ च्या 'आन्हेलितोस नेग्रोस' या मेक्सिकन चित्रपटात कृष्णवर्णीयांचा तिरस्कार करणाऱ्या गोऱ्या स्त्रीला सावळी मुलगी होते. ती पतीला दोष देते. प्रत्यक्षात तिला वाढवणारी कृष्णवर्णीय दाई हीच तिची जन्मदात्री असते. रहस्य उलगडते, तेव्हा पश्चात्तापाला वाट मिळते.

'फँड्री'त असे रहस्यच नाही. जब्या कोणाचा मुलगा, हे साऱ्या गावाला ठाऊक आहे. शाळेतील शालूवर त्याचे मन जडले आहे. तो तोंडाला पावडर लावतो, नाक सरळ व्हावे म्हणून चिमटा लावतो. रंग झाकता येईल. पण जात गावाला चेहरा न पाहताही माहीत असते.

चित्रपटाचे नावही तेथूनच आले आहे. कैकाडी भाषेत 'फँड्री' म्हणजे डुक्कर. या समाजाच्या माथी जन्माचा कलंक केवळ रूढीने मारला नव्हता. १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याखाली ब्रिटिश राजवटीने ज्या जमातींना जन्मतःच गुन्हेगार ठरवले, त्यांत कैकाडीही होते. १९५२ मध्ये हा कायदा रद्द झाला आणि अशा जमाती 'विमुक्त' म्हणवल्या जाऊ लागल्या. कागदावरचा शिक्का पुसला गेला, गावातील नजर मात्र तेवढ्याने बदलली नाही.

म्हणूनच कचरूचा, जब्याच्या बापाचा, प्रश्न अवघड ठरतो. किशोर कदम यांनी रंगवलेला हा बाप दुष्ट नाही. मुलीच्या लग्नासाठी त्याला पैसे हवे आहेत आणि गावाने त्याच्यासाठी राखून ठेवलेले काम डुकरे पकडण्याचे आहे. ते करताना तो मुलालाही सोबत ओढतो. शाळेतून राष्ट्रगीत ऐकू येताच हे कुटुंब जागच्या जागी उभे राहते आणि डुक्कर निसटते. पुढे पकडलेले डुक्कर खांद्यावर घेऊन ते शाळेच्या भिंतीवरील डॉ. बाबासाहेब आंबेडकर आणि सावित्रीबाई फुले यांच्या चित्रांसमोरून जातात. पुस्तकातील समता आणि खांद्यावरचे ओझे एकाच चौकटीत येतात.

शेवटी जब्या हिणवणाऱ्यांवर दगड भिरकावतो. अखेरचा दगड थेट पडद्याबाहेर, प्रेक्षकाच्या दिशेने येतो. बापाने मुकाट्याने वाहिलेला वारसा मुलगा नाकारतो आहे. तो ज्यांनी लादला, त्यांत आपण किती, हे प्रेक्षकानेच ठरवायचे आहे.