गाणाऱ्याच्या शेतापर्यंत कॅमेरा नेणारा लेस ब्लँक

गायकावर फिल्म म्हटली की आपल्या डोळ्यासमोर स्टेज, लाईट आणि टाळ्या येतात. अमेरिकेतल्या लेस ब्लँक यांचं काम वेगळं होतं. त्यांचा कॅमेरा गाणाऱ्याच्या शेतात, स्वयंपाकघरात, नाचगाण्याच्या कार्यक्रमात जायचा. गाणं कुठल्या कष्टातून आणि कुठल्या माणसांतून येतं, हे ते दाखवायचे.

पोटासाठी कंपनीच्या फिल्म

ब्लँक यांचा जन्म १९३५ चा, फ्लोरिडा राज्यातल्या टँपा शहरातला. सिनेमाचं शिक्षण कॅलिफोर्नियात झालं. पण गरीब गायकांवरच्या फिल्मला पैसा कोण देणार? म्हणून सुरुवातीला त्यांनी कंपन्यांच्या प्रचाराच्या फिल्म केल्या. त्यात एक कोंबड्यांची कंपनीसुद्धा होती. १९६७ मध्ये त्यांनी 'फ्लॉवर फिल्म्स' ही स्वतःची संस्था काढली आणि मनासारखं काम सुरू केलं.

बटईदार गायक

टेक्सास राज्यातल्या नवासोटा गावाकडचे मान्स लिप्सकम हे कृष्णवर्णीय शेतकरी. जन्म १८९५ चा. त्यांनी बरीच वर्षं दुसऱ्याची जमीन बटईने कसली आणि फावल्या वेळात गिटारवर गाणी म्हटली. त्यांची पहिली रेकॉर्ड निघाली १९६० साली, म्हणजे साठी उलटल्यावर! ब्लँक यांनी १९७१ मध्ये त्यांच्यावर 'अ वेल स्पेंट लाईफ' ही फिल्म केली. १९७६ मध्ये लिप्सकम वारले. आज त्यांचं बोलणं, गाणं आणि राहणीमान त्या फिल्ममध्ये बघता येतं.

१९७६ मध्येच 'चुलास फ्रॉन्तेरास' आली. टेक्सास आणि मेक्सिकोच्या सीमेवर राहणाऱ्या लोकांचं संगीत हा तिचा विषय. इथलं मुख्य वाद्य म्हणजे अकॉर्डियन. आपल्या पेटीसारखंच भात्यावर चालणारं, पण छातीशी धरून वाजवायचं. या फिल्ममध्ये गाण्यांसोबत कामासाठी गाव सोडून जाणारे शेतमजूरही दिसतात. अमेरिकेने जपून ठेवायच्या चित्रपटांची एक राष्ट्रीय यादी केली आहे. तिच्यात या फिल्मचा १९९३ मध्ये समावेश झाला.

लसणावरही फिल्म

ब्लँक फक्त संगीतावर थांबले नाहीत. १९८० मध्ये त्यांनी लसणावर फिल्म केली. 'लसूण दहा आयांच्या बरोबरीचा', असा तिच्या नावाचा अर्थ. शो चालू असताना ते थिएटरमध्येच लसूण भाजायचे, म्हणजे वास थेट प्रेक्षकांपर्यंत! ही फिल्मही २००४ मध्ये त्याच यादीत गेली. जर्मन दिग्दर्शक वेर्नर हेरझोग पेरूच्या जंगलात डोंगरावरून खरीखुरी बोट ओढून नेत होते. त्या खटाटोपावर ब्लँक यांनी १९८२ मध्ये 'बर्डन ऑफ ड्रीम्स' केली.

चाळीस वर्षं अडकलेली फिल्म

१९७२ ते १९७४ या काळात ब्लँक यांनी लिऑन रसेल या मोठ्या रॉक गायकाचं चित्रीकरण केलं. पण इथे पैसा रसेल यांच्या बाजूचा होता. फिल्म तयार झाली, पण ती प्रदर्शित झाली नाही. ब्लँक स्वतः हजर असतील तरच ती कुठेतरी दाखवता यायची. २०१३ मध्ये ब्लँक गेले. त्यांच्या मुलाने पाठपुरावा केला आणि २०१५ मध्ये फिल्म थिएटरला लागली. बनवणाऱ्याला मात्र तो दिवस बघायला मिळाला नाही.

ज्यांना कलाकारांचं चित्रीकरण करायचं आहे, त्यांनी यातून दोन गोष्टी घ्याव्यात. एक, फक्त कार्यक्रम नको, कलाकाराचं काम, घर आणि बोलणंही टिपा. दोन, खर्च कुणाचा, हक्क कुणाचा आणि फिल्म कुठे दाखवायची, हे कॅमेरा चालू करायच्या आधी कागदावर लिहून दोघांनी सही करा. कलाकारावर आणि बनवणाऱ्यावर, दोघांवरही अन्याय होणार नाही.