दारावरचा राखणदार जागा आहे काय?

धुळ्याजवळच्या लळिंग कुरणातील लांडोर बंगल्यात १९३७ साली डॉ. बाबासाहेब आंबेडकर मुक्कामाला होते. त्या स्मरणार्थ दरवर्षी ३१ जुलैला खान्देशातील भीमसैनिक तेथे जमतात. गेल्या वर्षी त्या दिवसाचे एक पत्रक आम्ही जळगावच्या आमच्या वस्तीतील विहाराच्या अभ्यासिकेत तयार केले, पेनड्राईव्हमध्ये घेतले आणि एस. टी. ने धुळ्याला जाऊन तेथील कार्यकर्त्यांच्या हाती दिले. संध्याकाळी घरी पोहोचतो न पोहोचतो तोच फोन आला.

"जयभीम दादा. राग मानू नका, पण तुमच्या पेनड्राईव्हात व्हायरस होता. आमच्या ॲन्टीव्हायरसने दारातच पकडला. तुमच्याकडे ॲन्टीव्हायरस नाही काय?"

"आहे की! वर्गणी काढून घेतलेला आहे," आम्ही ठणकावून सांगितले.

"आहे हो दादा, पण तो जागा आहे काय?"

या प्रश्नाला आमच्याजवळ उत्तर नव्हते. रात्रीच अभ्यासिका उघडून पाहिले. पडद्याच्या उजव्या कोपऱ्यात, घड्याळाशेजारी, ॲन्टीव्हायरसचे छोटे चित्र होते आणि त्यावर लाल फुली होती. ती फुली किती दिवसांची होती? आम्ही तो ॲन्टीव्हायरस आदल्या वर्षीच्या १४ एप्रिलला, जयंतीच्या वर्गणीतून उरलेल्या पैशांत घेतला होता. मुदत एक वर्षाची. म्हणजे ती संपली ती नेमकी पुढच्या जयंतीच्या दिवशी! आम्ही सारे मिरवणुकीत होतो. पडद्यावर सूचना येत होती, आणि अभ्यासाला बसणारी मुले 'नंतर आठवण करा' हे बटण दाबून पुढे जात होती. तीन महिने आमचा राखणदार दारात झोपला होता आणि आम्ही मात्र घराला राखण आहे म्हणून निर्धास्त होतो.

दाखले गेले कुठे?

दुसऱ्या दिवशी सकाळी एका हमाल बांधवाची मुलगी रडवेल्या तोंडाने आली. सोबत तिचे आजोबा. "काय व्हयनं रे भाऊ?" एवढेच ते पुन्हा पुन्हा विचारत होते. मुलीचा नर्सिंगच्या प्रवेशाचा अर्ज होता, मुदतीचा शेवटचा दिवस दुसऱ्या दिवशीचा. जातीचा दाखला, उत्पन्नाचा दाखला, बारावीची गुणपत्रिका, शाळा सोडल्याचा दाखला, सारे तिने आमच्याच अभ्यासिकेत स्कॅन करून पेनड्राईव्हमध्ये ठेवले होते. आता पेनड्राईव्ह उघडला की एकच 'शॉर्टकट' दिसत होता. फोल्डर गायब!

आपल्या घरात कागदाची किंमत काय असते, हे वाचकांना सांगायला नको. १९५६ साली धम्म स्वीकारलेल्या आपल्या समाजाला केंद्राच्या अनुसूचित जातीच्या सवलतींसाठी १९९० च्या कायदा दुरुस्तीपर्यंत वाट पाहावी लागली. त्यानंतरही एकेका दाखल्यासाठी आई-बापाने रोज बुडवून तहसील कचेरीच्या किती फेऱ्या मारायच्या! तो कागद आमच्या हलगर्जीने हरवला असता तर त्या आजोबांना आम्ही काय तोंड दाखवले असते?

सुदैवाने तसे झाले नाही. धुळ्याच्या त्या तरुण कार्यकर्त्याने फोनवरून समजावले. हा व्हायरस कागद पुसत नाही, लपवतो. खरे फोल्डर झाकून ठेवतो आणि त्याच्या जागी तशाच नावाचा 'शॉर्टकट' मांडतो. माणूस त्यावर क्लिक करतो, फोल्डर उघडतेही, त्यामुळे संशय येत नाही. पण त्याच क्लिकने व्हायरस कॉम्प्युटरमध्ये शिरतो. मग त्या कॉम्प्युटरला जो जो पेनड्राईव्ह लागेल, त्यात तो जातो. झेरॉक्सच्या दुकानातून, सायबर कॅफेतून, अभ्यासिकेतून तो गावभर असाच फिरतो.

म्हणून आम्ही आधी कॉम्प्युटर स्वच्छ केला, पेनड्राईव्ह नंतर. उलट केले असते तर स्वच्छ केलेला पेनड्राईव्ह पुन्हा बाटला असता. त्यानंतर 'व्ह्यू' मध्ये जाऊन 'हिडन आयटम्स' वर खूण केली. फोल्डर तरीही दिसेना. कारण व्हायरसने त्याला विंडोजची स्वतःची फाईल असल्याची खूण लावली होती. 'फोल्डर ऑप्शन्स' मध्ये जाऊन 'हाईड प्रोटेक्टेड ऑपरेटिंग सिस्टीम फाईल्स' ची खूण काढली, तेव्हा ते फिकट रंगात पुढे आले. त्यातले फक्त दाखले बाहेर काढले, शॉर्टकट पुसला आणि काम झाल्यावर काढलेली खूण पुन्हा लावली. मुलीचा अर्ज त्याच रात्री भरला गेला. आजोबांनी आमच्या खांद्यावर हात ठेवला; आम्हाला मात्र खाली पाहावेसे वाटत होते.

व्हायरस आणि त्याचा राखणदार

व्हायरस हा काही जंतू नव्हे. तो माणसानेच लिहिलेला, स्वतःच्या प्रती काढत फिरणारा प्रोग्राम असतो. 'ब्रेन' हा फ्लॉपीवरून पसरणारा व्हायरस १९८६ साली लाहोरच्या दोन भावांनी लिहिला, आणि त्यात स्वतःचे नाव-पत्ताही घातला! पुढे मात्र हा धंदा चोरांच्या हाती गेला.

त्यांना अडवणारे लोकही निघाले, आणि त्यातले एक नाव आपल्या महाराष्ट्रातले आहे. सातारा जिल्ह्यातील रहिमतपूरचे कैलास काटकर यांचे शिक्षण दहावीनंतर थांबले. पुण्यात कॅल्क्युलेटर दुरुस्त करण्यापासून त्यांनी सुरुवात केली. धाकटे भाऊ संजय संगणकशास्त्र शिकत होते. दुरुस्तीला येणारे कॉम्प्युटर व्हायरसने बिघडलेले असतात, हे पाहून दोघा भावांनी १९९० च्या दशकात 'क्विक हील' हा ॲन्टीव्हायरस तयार केला. २०१६ साली ही कंपनी शेअर बाजारात आली. पाना-पेचकस हाती घेणारा मुलगा कोठवर जाऊ शकतो, हे आमच्या तरुणांनी ध्यानात घ्यावे.

ॲन्टीव्हायरसजवळ ओळख पटलेल्या चोरांची एक यादी असते. आलेली प्रत्येक फाईल तो त्या यादीशी ताडून पाहतो, शिवाय तिची चालचलणूकही पाहतो. नवे व्हायरस रोज निघतात, म्हणून यादीही रोज नवी लागते. यादी जुनी झाली की राखणदार दारात उभा असूनही नव्या चोराला पाहुणा समजून आत घेतो.

राखणदार झोपतो का?

आम्ही कारकून माणसे, इंजिनिअर नाही. पण त्या घटनेनंतर जळगाव आणि धुळ्यातील ओळखीच्या घरांचे व अभ्यासिकांचे कॉम्प्युटर जमेल तसे पाहिले. कारणे फिरून फिरून तीच निघाली.

पहिले कारण मुदत संपणे. हे आमचेच.

दुसरे, तारीख चुकणे. जुन्या कॉम्प्युटरच्या आत रुपयाच्या नाण्यासारखी एक गोल बॅटरी असते. ती संपली की वीज गेल्यावर कॉम्प्युटर कित्येक वर्षे मागची तारीख दाखवू लागतो. मग ॲन्टीव्हायरसची मुदत जुळत नाही, नवी यादी उतरत नाही, सरकारी संकेतस्थळेसुद्धा उघडत नाहीत. लोक समजतात की व्हायरस आला. दोष असतो किरकोळ किमतीच्या बॅटरीचा!

तिसरे, एका घरात दोन राखणदार. एकाने भागत नाही म्हणून दुसरा बसवतात. दोघे एकमेकांनाच चोर समजून अडवतात, कॉम्प्युटर कासवाच्या गतीने चालतो आणि राखण कोणाचीच होत नाही. एकच ठेवावा, दुसरा 'अनइन्स्टॉल' करावा.

चौथे, चोरीचा राखणदार. कोणी मित्र 'क्रॅक' करून फुकट ॲन्टीव्हायरस बसवून देतो. कंपनी ती किल्ली कधीही बंद करते. आणि 'क्रॅक' मध्येच व्हायरस लपलेला असण्याचा धोका वेगळा. गेम बसवण्यासाठी ॲन्टीव्हायरस 'थोडा वेळ' बंद करणारी आणि पुन्हा चालू करायला विसरणारी मुलेही याच रांगेतली.

पाचवे, खुद्द विंडोज जुने असणे. विंडोज ७ च्या सुरक्षा दुरुस्त्या जानेवारी २०२० मध्ये थांबल्या. विंडोज १० चा नेहमीचा पाठिंबा १४ ऑक्टोबर २०२५ रोजी संपला. भिंतीलाच भगदाड असेल तर दारावरचा राखणदार काय करणार?

सहावे आणि सर्वांत वाईट कारण म्हणजे व्हायरसनेच राखणदाराला बांधून ठेवणे. २००८ साली जगभर पसरलेला 'कॉन्फिकर' हेच करीत असे. ॲन्टीव्हायरस कंपन्यांची संकेतस्थळे तो उघडूच देत नसे. बाकी सारे संकेतस्थळ उघडते पण ॲन्टीव्हायरसचे तेवढे उघडत नाही, किंवा चालू करण्याचे बटण दाबूनही पुन्हा बंद होते, तर घरात चोर आहे असे समजावे.

मग करावे काय?

घाबरू नये आणि घाईने कॉम्प्युटर पुसूनही टाकू नये. क्रमाने जावे. प्रथम पेनड्राईव्ह काढा आणि तारीख-वेळ पाहा. मग ॲन्टीव्हायरस उघडून मुदत आणि शेवटच्या 'अपडेट' ची तारीख पाहा. मुदत असेल तर 'अपडेट' करा, कॉम्प्युटर बंद करून पुन्हा सुरू करा आणि पूर्ण तपासणी लावा. तरीही लाल खूण गेली नाही तर तो काढून पुन्हा बसवा. पण किल्लीचा क्रमांक आधी वहीत लिहून ठेवा.

पैशाची अडचण असेल तरी राखणीवाचून राहण्याचे कारण नाही. विंडोज १० आणि ११ मध्ये 'डिफेन्डर' नावाचा राखणदार मुळातच असतो, त्याला वेगळे पैसे पडत नाहीत. दुसरा ॲन्टीव्हायरस बसवला की तो बाजूला होतो. दुसऱ्याची मुदत संपल्यावर त्याने पुन्हा उभे राहावे अशी व्यवस्था असते, पण ती खात्री डोळ्यांनी करावी. मुदत संपलेला ॲन्टीव्हायरस काढून टाका, 'विंडोज सिक्युरिटी' उघडा, 'व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शन' मध्ये जा आणि 'रिअल-टाइम प्रोटेक्शन' चालू आहे ना, ते पाहा. चोर आत असल्याचा संशय असेल तर इंटरनेट तोडा आणि तेथीलच 'ऑफलाइन स्कॅन' लावा. ही तपासणी विंडोज सुरू होण्याआधी होते, त्यामुळे व्हायरसला हात आखडता घ्यावा लागतो. तोवर बँकेचे काम त्या कॉम्प्युटरवर करू नका. पासवर्ड दुसऱ्या स्वच्छ यंत्रावरून बदला. पैसे गेलेच तर क्षणाचाही विलंब न लावता १९३० या क्रमांकावर तक्रार नोंदवा.

आणि एक गोष्ट यापेक्षाही मोलाची. दाखल्यांची दुसरी प्रत वेगळ्या ठिकाणी ठेवा. ती कॉम्प्युटरला सतत जोडलेली नको. कारण आता कागद लपवणारेच नव्हे, तर कुलूप लावून खंडणी मागणारे व्हायरसही आहेत. १२ मे २०१७ रोजी 'वॉनाक्राय' ने जगभर लाखो कॉम्प्युटर अडवले. ज्या भगदाडातून तो शिरला, ते बुजवण्याची दुरुस्ती मायक्रोसॉफ्टने दोन महिने आधीच, मार्चमध्ये दिली होती! ज्यांनी ती लावून घेतली नव्हती, ते अडकले. पुढच्याच महिन्यात 'नॉटपेट्या' आला आणि न्हावा-शेवाच्या जवाहरलाल नेहरू बंदरातील एका टर्मिनलचे काम ठप्प झाले. एवढ्या मोठ्या बंदराची ही गत, तर आपल्या अभ्यासिकेची काय कथा?

कागदावरची राखण

या प्रकरणातून आम्ही एक धडा घेतला. राखण विकत घेतली म्हणजे राखण झाली, असे नाही. २५ नोव्हेंबर १९४९ रोजी संविधान सभेत बाबासाहेबांनी बजावले होते की, संविधान कितीही चांगले असले तरी ते राबवणारी माणसे नीट नसतील तर ते वाईटच ठरेल. अत्याचारविरोधी कायदा कागदावर आहे; पण फिर्याद नोंदवायला कोणी उभे राहिले नाही तर तो कायदा झोपलेलाच. कॉम्प्युटरची गोष्ट लहान आहे, पण नियम तोच आहे. तथागतांनी अप्रमादाला, म्हणजे जागरूकतेला, किती महत्त्व दिले! धम्मपदाचा दुसरा वग्गच त्या नावाचा आहे.

आणि दोष केवळ स्वतःपुरता राहत नाही. आमच्या झोपेचा प्रसाद नव्वद किलोमीटरवरच्या धुळ्याला पोहोचला होता. तेथील राखणदार जागा होता म्हणून तेथील मुलांचे दाखले वाचले. आम्ही त्यांची माफी मागितली, आणि ज्या सहा मुलांचे पेनड्राईव्ह आमच्याकडे लागले होते त्यांच्या घरी जाऊन ते एकेक करून स्वच्छ करून दिले.

आता आमच्या अभ्यासिकेच्या भिंतीवर एक पुठ्ठा टांगला आहे. त्यावर ॲन्टीव्हायरसची मुदत मोठ्या अक्षरांत लिहिली आहे. दर रविवारी विहारात वंदना झाली की एक मुलगा किंवा मुलगी कॉम्प्युटर उघडते, शेवटच्या 'अपडेट' ची तारीख पाहून पुठ्ठ्यावर लिहिते आणि खाली सही करते. पाच मिनिटांचे काम. नर्सिंगला गेलेली ती मुलगी सुट्टीत आली की सर्वांत आधी तो पुठ्ठा वाचते. एखाद्या रविवारची सही राहिलेली दिसली तर आम्हालाच विचारते, "काका, या रविवारी कोण झोपले होते?"

वाचकहो, आपल्या घरी, विहारात, अभ्यासिकेत कॉम्प्युटर असेल तर हा अंक खाली ठेवण्यापूर्वी एकदा उठा आणि घड्याळाशेजारचे ते छोटे चित्र पाहून या.

जयभीम!