सोनं, गंधक आणि दारूगोळा एकाच पोटात

किमयागारांच्या एखाद्या काल्पनिक जहाजाची मालयादी कुणी लिहायला बसलं, तर त्यात गंधक येईल, राळ येईल, तेलाची पिंपं येतील, चटकन पेट घेणारं आणखी काहीबाही येईल आणि किमयेचं सगळं वेड ज्याच्यासाठी, ते सोनंही येईल. फार भडक झालं म्हणून संपादक त्यातलं निम्मं कापेल. एप्रिल १९४४ मध्ये मुंबईच्या व्हिक्टोरिया गोदीत लागलेल्या ‘फोर्ट स्टिकीन’ या जहाजाच्या यादीत हे सगळं होतं, आणि वर सुमारे चौदाशे टन स्फोटकं.

हे जहाज २४ फेब्रुवारीला इंग्लंडमधल्या बर्कनहेडहून निघालं, तेव्हा त्यात तोफगोळे, पाणतीर, सुरुंग, लढाऊ विमानं आणि सोन्याच्या १२४ लगडी होत्या. युद्धकाळातलं हे सामान, त्यात नवल काही नाही. घोळ झाला कराचीत. तिथे थोडं सामान उतरलं आणि रिकाम्या जागेत कापसाच्या हजारो गाठी, वंगणतेल, लाकूड, गंधक, राळ, भंगार लोखंड, इतकंच काय, मासळीचं खतही भरलं गेलं. कप्तान अलेक्झांडर नेस्मिथ यांनी या मिसळीला हरकत घेतली होती. पण युद्धात जहाजातली वीतभर जागाही मोकळी ठेवायची नसते. हरकत कागदावर राहिली आणि कापूस जहाजात गेला.

कापूस तसा निरुपद्रवी. दारूगोळाही थंड, कोरड्या जागी एकटा ठेवला तर महिनोन्महिने गप्प पडून राहतो. भानगड आहे ती शेजाराची. दाबून बांधलेल्या गाठीत एखादी ठिणगी शिरली की ज्वाळा दिसत नाही. कापूस आतल्या आत तासन्‌तास धुमसतो. दोन नंबरच्या कप्प्यात नेमक्या अशा गाठी खाली होत्या आणि स्फोटकं वरच्या मजल्यावर.

१४ एप्रिलला दुपारी या कप्प्यातून धूर निघताना दिसला. कुणाची तरी विडी-सिगारेट कारणीभूत असावी, असा अंदाज नंतर बांधला गेला. बंब आले आणि नऊशे टनांहून अधिक पाणी ओतलं गेलं. इथे पाण्यानेच दगा दिला. आगीच्या गाभ्यापर्यंत ते पोचेना आणि जळता कापूस त्यावर तरंगत वर, स्फोटकांच्या दिशेने सरकू लागला. आतलं पाणी उकळायला लागलं. जहाज ओढून भर समुद्रात न्यायचं, की धक्क्यावरच बुडवायचं, याचा निर्णय कुणी घ्यायचा यावरच वेळ गेला. ३.५० ला जहाज सोडण्याचा हुकूम सुटला आणि ४.०६ ला पहिला स्फोट झाला. अर्ध्या तासाच्या आत दुसरा.

शिमल्याच्या भूकंपमापकावर त्याची नोंद झाली. ‘जलपद्म’ नावाचं जहाज अर्धंअधिक उचललं जाऊन शेजारच्या शेडवर टेकलं. मृतांचे अंदाज आठशेपासून तेराशेपर्यंत जातात. अग्निशमन दलाचे ६६ जवान त्यात होते आणि देशभर १४ एप्रिलपासून पाळला जाणारा अग्निशमन सेवा सप्ताह त्यांच्या स्मरणार्थ आहे. सोन्याच्या गोष्टी मात्र अधिक रंगवून सांगितल्या जातात. सुमारे पावणेतेरा किलोची एक लगड मैलभर दूर राहणाऱ्या मोतीवाला नावाच्या पारशी गृहस्थांच्या घरात छपरातून येऊन पडली. त्यांनी ती परत केली आणि ९९९ रुपये बक्षीस मिळवलं. गोदीतला गाळ उपसताना तर पुढे कित्येक दशकं लगडी सापडत राहिल्या.

तीनच वर्षांनी, १६ एप्रिल १९४७ ला, अमेरिकेतल्या टेक्सस सिटी बंदरात ‘ग्रँडकँप’ हे जहाज फुटलं. त्यात सुमारे २,३०० टन अमोनियम नायट्रेट होतं, म्हणजे शेतात घालायचं खत, कागदी पिशव्यांत भरलेलं. धूर दिसल्यावर पाण्याने माल खराब होईल म्हणून झाकणं बंद करून आत वाफ सोडण्यात आली. हवा तोडली की आग विझते, हा हिशेब इतर मालाला लागू पडतो. या खताच्या रेणूतच प्राणवायू असतो. त्याला बाहेरच्या हवेची गरज नाही. वाफेने ते फक्त आणखी तापलं. किमान ५८१ माणसं गेली. त्या काळी गोदीत याकडे स्फोटक म्हणून नव्हे, साधं खत म्हणूनच पाहिलं जाई, हे यातलं सर्वांत भयानक.

अशा अपघातांच्या अनुभवातून १९६५ मध्ये समुद्रमार्गे नेल्या जाणाऱ्या धोकादायक मालाची आंतरराष्ट्रीय संहिता आली. २००४ पासून ती बंधनकारक आहे. मालाचे नऊ वर्ग, प्रत्येक पदार्थाला चार आकडी क्रमांक, आणि कोणाचा शेजार कोणाला चालत नाही याचा तक्ता: काहींना नुसतं दूर ठेवायचं, काहींच्या मध्ये अख्खा कप्पा सोडायचा. किराणा दुकानदार काडेपेट्या आणि रॉकेल एका फळीवर ठेवत नाही, त्याचंच हे जगभरचं रूप. ओल्या कापसालाही यात स्वतःचा क्रमांक आहे, १३६५. पेट्रोलचा १२०३, तो आपल्या रस्त्यांवरच्या टँकरच्या मागच्या पाटीवर कुणालाही वाचता येतो.

तक्ता आहे, तरी जहाजं जळतात. मे २०२१ मध्ये कोलंबोजवळ जळालेल्या ‘एक्स-प्रेस पर्ल’वर नायट्रिक आम्लाचा एक कंटेनर गळत होता. त्यात काय आहे हे जहाजावर ठाऊक होतं. तो उतरवून घ्या, अशी विनंती आधी कतारच्या हमाद बंदराला आणि मग गुजरातच्या हजिरा बंदराला करण्यात आली. असा कंटेनर हाताळायची सोय नाही, म्हणून दोन्हीकडून नकार आला. जहाज तो घेऊन पुढे गेलं. २० मे रोजी आग लागली, २ जूनला ओढून नेताना जहाजाचा मागचा भाग तळाला टेकला आणि त्यातले प्लॅस्टिकचे बारीक दाणे श्रीलंकेच्या किनाऱ्यावर पसरले. तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने २०२५ मध्ये एक अब्ज डॉलरची भरपाई ठरवली. एक गळका कंटेनर उतरवून घेण्याची सोय करायला याच्या किती सहस्रांश खर्च आला असता, याचा हिशेब बंदरांच्या व्यवस्थापकांनी एकदा मांडून पाहायला हरकत नाही.